ठेका धरलेली फांदी

"ते डावीकडचं झाड खोटं आहे," शॉट तपासणाऱ्या बाई म्हणाल्या, आणि त्याने लगेच मान डोलावली. नीट पाहायचीही गरज वाटली नाही. ते झाड परवाच त्याच्या नजरेला खुपलं होतं. ओढ्यावरचा पूल, पुलावरून पाठमोरी जाणारी नायिका आणि मागचा सगळा डोंगर जंगलाने गच्च भरलेला. त्या हिरव्या गर्दीत डावीकडच्या एका झाडाची खालची फांदी वेड लागल्यासारखी खाली-वर, खाली-वर करत होती. "माळीबुवा, फांदीने ठेका धरलाय बघा. बँडमध्ये भरती करायची का तिला?" बाईंच्या हातातल्या लेझरचा लाल ठिपका फांदीभोवती दोनदा फिरला. अंधाऱ्या खोलीत दोघे-चौघे हसले, तोही हसला. म्हणाला, "आलंय लक्षात, बाई. वारा फिरून फिरून तोच लागलाय. उपटतो आणि दुसरं लावतो." आणि पडद्यावर उमटणारी ती पेन्सिल उचलून त्याने झाडावर सरळ लाल फुली मारली. तेवढ्यात मागच्या खुर्चीतून पाणीवाला खाकरला. या कामात माणसांना नावं उरत नाहीत. सिनेमासाठी संगणकावर समुद्र आणि ओढे करतो तो पाणीवाला, आग लावतो तो धूरवाला आणि झाडं लावतो तो माळी. "ते झाड याचं नाहीये," पाणीवाला म्हणाला. "ते शूटिंगमधलं आहे. तिथे एकच झाड होतं, ते हे. खरं."

 धूरवाला असा काही फुटला की त्याच्या खुर्चीची चाकं करकरली, आणि त्याच्यामागून सगळी खोली हसायला लागली. माळ्याने खऱ्या झाडावर फुली मारली! आता हे वर्षभर पुरणार, जेवणाच्या सुट्टीत, लिफ्टमध्ये, निरोपसमारंभांत. बाईंनी चष्मा काढून डोळे पुसले. "खरं असेल हो," त्या म्हणाल्या, "पण खोटं दिसतंय ना? मग काढा. लोक काय खऱ्याची पावती मागणार आहेत का?" धंद्याच्या हिशेबाने बरोबरच होतं ते. दिसतं ते खरं, हा इथला कायदा. तोही हसत होता, पण हसता हसता त्याने विचारलं, "पण मग ते असं का हलतंय?" पाणीवाल्याला बहुधा कुणी कधी काही विचारत नसे, तो खुशीत पुढे आला. कॅमेऱ्याने टिपलेलं मूळ चित्र नेहमी जरा मोठं असतं, कडा कापून मग ते वापरतात. पाणीवाल्याने ते मूळ चित्र लावलं. कापलेल्या कडेच्या खाली त्या फांदीचं टोक ओढ्यात बुडालेलं होतं. पाणी टोक ओढत नेई, फांदी ताणली जाई, सुटून वर येई आणि आपल्याच वजनाने पुन्हा पाण्यात पडे. पुन्हा ओढ, पुन्हा सुटका. "पाणी एका गतीने वाहतंय ना, म्हणून फांदीही एका गतीने. हिला वाऱ्याशी देणंघेणंच नाही. टोक आपल्या चौकटीच्या बाहेर राहिलं, एवढंच." माळ्याचं हसू तोंडावर तसंच राहिलं. खरं असूनही सारखं हलतं. खरी गोष्ट इतकी एकसारखी हलू शकते. आणि त्याला बाबांचा उजवा हात दिसला.

पुढचे शॉट लागले, बाईंचा लाल ठिपका दुसऱ्या कुणाच्या तरी ढगांवर फिरू लागला, पण त्याला त्यातलं काही दिसत नव्हतं. हात दिसत होता. मांडीवर उताणा ठेवलेला, अंगठा आणि पहिली दोन बोटं एकमेकांवर फिरताहेत, पुढे-मागे, पुढे-मागे, चिमटीत कसलीशी गोळी वळत असल्यासारखी. आई गेल्यावर बाबा त्याच्याकडे राहायला आले आणि त्यानंतर काही महिन्यांनी हे सुरू झालं. पहिल्यांदा बायकोच्या लक्षात आलं. ती बाबांना चहा अर्धाच कप द्यायला लागली होती आणि त्याने विचारलं तेव्हा म्हणाली, "सांडतो रे त्यांच्याकडून. मग ओशाळतात." त्याला वाटलं, झालं, लाड सुरू. मग ताई चार दिवस राहून गेली, तिनेही पाहिलं, आणि परत आपल्या घरी पोचल्या पोचल्या तिचा फोन. "आईच्या मामांचा हात असाच हलायचा, आठवतं? कंपवात होता त्यांना. एकदा मेंदूच्या डॉक्टरला दाखवून घे." त्याने ऐकून घेतलं आणि अंगात एक विचित्र चीड भरून आली. तो म्हणाला, "ताई, हलणं हा माझा धंदा आहे. मला पोट भरायला हलणं कळावंच लागतं. आणि सांगतो तुला, हे खरं हलणं नाही."

आणि हे तो उगाच म्हणाला नव्हता. सबंध उमेदीची वर्षं त्याने एकच गोष्ट शिकण्यात घातली होती की खरं कशामुळे खरं वाटतं. झाड उभं करणं तसं सोपं. खोड, फांद्या, पानं, पानांवर किड्यांनी पाडलेली भोकं, एका बाजूला वाळून गेलेली काटकी, सालीवर शेवाळ. हे सगळं चिकाटीने जमतं. माणूस फसत नाही तो वाऱ्याला. शंभर झाडं एका वाऱ्यात उभी केली आणि त्यातली दोन पानं एकाच क्षणी, एकाच अंगाने हलली, की मागच्या रांगेतल्या शाळकरी पोरालाही काहीतरी चुकल्यासारखं होतं. त्याला सांगता येत नाही काय ते, पण होतं. म्हणून माळी बसून बसून प्रत्येक फांदीचा वारा वेगळा करतो. हिला उशिरा, तिला जरा लवकर, ह्या डहाळीला मध्येच विसरल्यासारखं थांबव. सारखेपणा शोधायचा आणि ठेचायचा, हेच काम. घरी भिंतीवरच्या पंख्याकडे, पडद्यांच्या झुळझुळीकडे, शेजारच्या बाईंच्या हसण्याकडेसुद्धा तो नकळत तसं पाहायचा. बायको चिडवायची, "माझं हसणं तेच ते येतंय का? बदलून देऊ?" आयुष्यात त्याने एक खरं रोप लावलं नव्हतं. कचेरीतल्या खिडकीतलं होतं तेही त्याच्याच निगराणीत वाळलं. पण नजर होती. आणि ही नजर त्याला कुठल्या शाळेत मिळाली नव्हती. ती बाबांची होती.

बाबा कवळ्या बनवायचे. दातांचे डॉक्टर तोंडाचं माप पाठवायचे आणि बाबा त्यावरून प्लास्टरचे साचे करून, गुलाबी मेणाच्या हिरड्या घडवून त्यात दात बसवायचे. शाळा सुटली की तो त्यांच्या खोलीत स्टुलावर बसे. समोर फळीवर अनोळखी माणसांची तोंडं ओळीने मांडलेली असत आणि बाबा अंगठा-बोटांच्या चिमटीत मेण मळत असत, ऊब देऊन मऊ करत. एकदा एक बाई आल्या, म्हणाल्या, मला मोत्यांसारखे पांढरेशुभ्र द्या, एका मापाचे. बाबांनी दिले. आठवड्याच्या आत बाई परत. "सगळे माझ्या तोंडाकडेच बघतात हो." मग बाबांनी एक दात किंचित तिरका केला, एकाची कड झिजवली, दोन दातांना चहाचा पुसट डाग दिला, आणि बाई हसत गेल्या. बाबा त्याला म्हणाले होते, "लक्षात ठेव. निसर्गाला सारखं करता येत नाही. जिथे सगळं सारखं दिसेल तिथे समजायचं, कुणीतरी बनवलंय." पहिल्या नोकरीच्या मुलाखतीत त्याने हेच वाक्य ठोकून दिलं होतं. मुलाखत घेणारे खूश झाले होते. घरी येऊन बाबांना सांगितलं तर बाबा दिवसभर ज्याला त्याला सांगत सुटले होते.

तेव्हा तो मांडीवरचा हात पाहून त्याला पहिल्यांदा काय वाटलं असेल? हेच, की बाबा मेण मळताहेत. अंगठा तसाच, बोटं तशीच, फक्त चिमटीत मेण नाही. जुन्या कामाची नक्कल. आणि ती नक्कलही कशी, तर सोयीची. कप उचलायला हात पुढे गेला की थरथर गायब, कप धरून बसले की पुन्हा. हात मांडीवर परतला की सुरू. खुर्चीत डुलकी लागली की बंद. पाहुणे आले, कुणी निरखून पाहिलं, की जास्त. त्याने मनातल्या मनात खटलाच उभा केला होता, आणि पुरावा पाहिजे म्हणून एका सकाळी फोनवर काहीतरी लिहीत असल्याचं दाखवत बाबांच्या हाताचं चित्रण केलं. झाडांचं करतो तसंच. दुसऱ्या दिवशी कचेरीत ते एकेक चित्र पुढे सरकवत पाहिलं, अंगठा जिथे जिथे वर येतो तिथे तिथे खूण केली. खुणांमधली अंतरं एकसारखी निघाली. इतकी एकसारखी, की एखाद्या शिकाऊ पोराने असा वारा करून आणला असता तर त्याने परत पाठवला असता. त्याने ताईला कळवलं. ती म्हणाली, "तू बाबांचा हात मोजत बसलास?" तो म्हणाला, "मोजला म्हणून तर कळलं." तिने परस्पर डॉक्टरांची वेळ घेऊन ठेवली होती, ती त्याने रद्द केली. म्हातारा माणूस, एकटा पडलाय, लक्ष वेधून घेतोय, त्यात काय दवाखाना करायचा? असं म्हटल्यावर किती हलकं वाटलं होतं! नाटक असेल तर आजार नाही. आजार नसेल तर आईसारखं पुन्हा काही नाही, त्या पांढऱ्या भिंती नाहीत, ते बाकावर बसून राहणं नाही. आत्ता या अंधाऱ्या खोलीत त्याला स्वच्छ कळलं की पुरावा त्याने नंतर गोळा केला होता. निकाल आधीच ठरला होता.

रिव्ह्यूची ती बैठक संपून दिवे लागले. धूरवाला जाता जाता पाठीवर थाप मारून म्हणाला, "माळीबुवा, घरी बायकोला ओळखता ना नीट?" त्याने हसण्यासारखं काहीतरी केलं आणि आपल्या टेबलाशी येऊन बसला. पडद्यावर अर्धवट जंगल उघडं होतं, त्याने सवयीने वारा सुरू केला, हजार झाडं हजार तऱ्हांनी डोलायला लागली आणि त्याला शिसारी आली. त्याने ते बंद केलं. फोन काढला. बाबांच्या हाताचं ते चित्रण अजून तसंच होतं. चौकटीत फक्त हात, स्वेटरची बाही, खुर्चीच्या वेताची कड. हात त्याने मुद्दाम असा घेतला होता, बाकीचं काही मध्ये येऊ नये म्हणून. झाड घेतो तेव्हाही आजूबाजूचं तो कापतोच. हात हलत होता. पुढे-मागे, पुढे-मागे. आता पाहताना त्याला त्या अंतरांत खोटं काही दिसेना, उलट असं वाटलं की आत कुठेतरी, खांद्याच्या वर, मानेच्या वर, आपल्याला न दिसणारं काहीतरी ओढतंय आणि सोडतंय. हे त्याला आधी का दिसलं नाही? मागे त्याने खुणा पुऱ्या झाल्यावर पाहणं थांबवलं होतं. या खेपेला तो थांबला नाही. शेवटी फोन बंद करताना त्याचा हात वर उचलला गेला होता, आणि एक निमिषभर, कललेल्या चौकटीत, बाबांचा चेहरा आला होता. बाबा मुलाकडे पाहत नव्हते. कुणाचं लक्ष आहे का हेही पाहत नव्हते. ते आपल्या हाताकडे पाहत होते. तोंड किंचित उघडं, कपाळाला आठी. नाटक करणाऱ्याचं तोंड नव्हतं ते. घाबरलेल्या माणसाचं होतं.

त्याने ते परत पाहिलं नाही. पाहवलंच नाही. तो जिन्यात गेला आणि ताईला फोन लावला. "ताई, मामांचा हात सारखाच हलायचा का? म्हणजे अगदी एकसारखा?" "म्हणजे कसा रे?" "ठेक्यात." ताई म्हणाली, "मी लहान होते. पण हो, मी त्यावर गाणी म्हणायचे. आई मारायची मला." मग तिचा आवाज बदलला. "काय झालं? बाबा बरे आहेत ना? तू तर म्हणालास की थांबलं." थांबलं. हो, थांबलं होतं. तो जिन्याच्या पायरीवर बसला. कारण थांबल्याची गोष्ट तर सगळ्यांत वाईट होती, आणि ती त्याने ताईला कधी पुरती सांगितली नव्हती. "मी घरी जातोय," एवढंच तो म्हणाला. "डॉक्टरकडे नेतो. आजच." ताईने कशी कुणास ठाऊक, पुढे एक शब्द विचारला नाही.

घरी जाताना रस्त्याच्या कडेला झाडं होती. रोज असतात. तो मान खाली घालून चालत होता. मागे एका रविवारी सकाळी त्याने फोन बाबांपुढे टेबलावर ठेवला होता. बायको बाहेर गेली होती, हे त्याने पाहिलं होतं. "बाबा, रागावू नका. हे जरा बघा." बाबांनी कामाचा जुना जाड भिंगाचा चष्मा मागवला. पाहिलं. "परत लाव," म्हणाले. परत पाहिलं. टेबलाखाली मांडीवर हात चालूच होता. ते एकदा पडद्यावरच्या हाताकडे पाहत, एकदा मांडीवरच्या. तो समजावत होता, शिकाऊ पोरांना समजावतो तशा शांत आवाजात, की हे बघा, ही खूण आणि ही खूण, अंतर तेच. पुढे बघा, तेच. बाबा फार बारकाईने ऐकत होते. शेवटी म्हणाले, "हो रे. सारखंच आहे अगदी." थोडं थांबून म्हणाले, "खऱ्याला असं जमायचं नाही." त्याला तेव्हा बरं वाटलं होतं. बाईंनी एखादा शॉट पास केल्यावर वाटतं तसं. आणि त्या भरात तो म्हणून गेला होता, "काही हवं असेल तर तोंडाने मागत जा ना, बाबा."  बाबांनी चष्मा काढून डबीत ठेवला, झाकण लावायला त्यांना वेळ लागला. त्या दिवसापासून हात हलताना दिसला नाही. संध्याकाळी तो घरी येई तेव्हा बाबा खुर्चीत ताठ बसलेले असत, हात कुठेतरी खाली नाहीतर स्वेटरच्या खिशात. जेवायला ते त्याच्यानंतर बसायला लागले. त्याने ताईला विजयाने कळवलं होतं, "बघ, सांगितल्याबरोबर थांबलं. आजार काय सांगून थांबतो?" आणि ताई एवढंच म्हणाली होती, "बरं."

त्याने किल्लीने दार उघडलं. दुपारच्या वेळी तो कधी घरी येत नसे. बाबा खिडकीशी, वेताच्या खुर्चीत होते. दार वाजताच ते दचकले आणि एका बाजूला कलून बसले होते ते सरळ झाले. "एवढ्या लवकर? बरं नाही का?" "बरं आहे." तो त्यांच्यासमोर जमिनीवरच बसला. बाबांना ते चमत्कारिक वाटलं असावं. "चहा ठेवू?" म्हणाले, पण उठले नाहीत. "बाबा, हात दाखवा." "कुठला?" "उजवा." बाबांच्या चेहऱ्यावर एक गुन्हेगारासारखं हसू आलं. "नाही करत रे आता." "दाखवा तर." त्यांनी एका अंगावर कलून मांडीखाली दाबून धरलेला हात बाहेर काढला. हात मेलेल्यासारखा पांढरा पडला होता, बोटं सुजली होती, आणि मागच्या बाजूला वेताच्या विणीचे चौकोन खोल उमटले होते, एकाशेजारी एक. त्याने तो आपल्या हातात घेतला. गार होता. मग हळूहळू त्यात रक्त परतायला लागलं आणि रक्ताबरोबर ते दुसरंही परतलं. अंगठा हलला, बोटं हलली. बाबांनी झटकन हात ओढून घेतला आणि पुन्हा मांडीखाली सारला.

"दिवसभर असे बसता?" त्याचा आवाज त्यालाच ओळखू येईना. "दिवसभर कुठे?" बाबा म्हणाले. "सूनबाई घरात असली की खिशात ठेवतो. तू यायच्या वेळेला मात्र आधीपासून दाबून ठेवतो, म्हणजे मग तासभर तरी गप राहतो." ते खाली वाकून, कुणी ऐकत असल्यासारखं, हलक्या आवाजात सांगू लागले. "तुला सांगतो, मला पत्ताच नव्हता मी असं करतोय म्हणून. तू दाखवलंस तेव्हा कळलं. इतकं सारखं! मी म्हटलं, बाप रे, हे तर आपणच बनवतोय. सवय लागली असणार, एवढी वर्षं मेण मळलं. तुझी आई गेल्यापासून हाताला काम नाही ना. पण मोडत आलीय आता. जुनी सवय आहे, वेळ लागतो." तो ऐकत होता. त्याला वाटलं होतं बाबा दुखावले असतील, रागावले असतील, हात लपवून आपल्याला शिक्षा करत असतील. ह्यांनी तर शब्द खरा मानला होता. आपला हात काय करतोय हे त्यांनी मुलाकडून समजून घेतलं होतं.

"बाबा, मी चुकलो," तो म्हणाला. "ते नाटक नाही. सवय नाही. आजार असणार तो. ताई म्हणत होती तेच." बाबांनी मान हलवली. "ताईने काही सांगितलं का तुला?" "नाही. मला आज कळलं. खरं असतं तेही सारखं हलतं, बाबा. मी आज स्वतः पाहिलं." त्याने पूल सांगितला, झाड सांगितलं, पाण्यात बुडालेलं टोक सांगितलं, सगळे आपल्याला हसले तेही सांगितलं. बाबांनी ते गोष्ट ऐकावी तसं ऐकलं. झाडावर फुली मारल्याचं ऐकून तर हसलेसुद्धा. मग त्यांनी डावा हात त्याच्या डोक्यावर ठेवला. "मला बरं वाटावं म्हणून म्हणतोयस. कळतं मला. असू दे. झाडाचं वेगळं. माझ्या बाबतीत तुझी नजर चुकायची नाही. माझीच आहे ती." त्याने पुन्हा सांगितलं. वेगळ्या शब्दांत सांगितलं, आवाज चढवून सांगितलं, आणि मग चढवलेल्या आवाजाचीच लाज वाटून गप्प झाला. इतकी वर्षं तो खोट्याला खरं ठरवण्याचं कसब कमावत होता, आणि घरातल्या खुर्चीत बसलेल्या माणसाला एक खरी गोष्ट खरी आहे हे त्याला पटवून देता येईना. शेवटी तो म्हणाला, "चला, डॉक्टरकडे जाऊ." "जाऊ की," बाबा लगेच म्हणाले. ज्या तऱ्हेने म्हणाले त्यावरून वाटलं, ते मुलाच्या समाधानासाठी निघालेत.

कोपऱ्यावरच्या डॉक्टरीणबाई आईच्या वेळेपासूनच्या. दवाखान्यात गर्दी नव्हती. चालत जाताना बाबांचा उजवा हात स्वेटरच्या खिशात होता आणि खिसा आतून हलत होता, तो शेजारून चालत ते पाहत होता आणि पाहायचं नाही असं ठरवत होता. एरवी उजवा हात चालताना मागे-पुढे झुलायला हवा, तो झुलतही नव्हता, आणि बाबांचं पाऊलही किती जवळ जवळ पडत होतं! इतके दिवस ही सगळी हालचाल त्याच्या घरात, त्याच्या डोळ्यांसमोर होत होती आणि त्याने त्यातला एक हात तेवढा कापून घेतला होता. डॉक्टरीणबाईंनी त्याचं बोलणं ऐकून घेतलं. मध्येच बाबा म्हणाले, "तसं काही नाही हो. थोडी सवय लागली होती. आता नाही होत." बाई हसल्या. "बघू या ना, काका. दोन्ही हात मांडीवर ठेवा. असे, उताणे. आणि अगदी सैल सोडा."

बाबांनी हात ठेवले. हात स्थिर राहिले. डॉक्टरीणबाई वाट पाहत होत्या, भिंतीवरचं घड्याळ चालत होतं, हात हलत नव्हते. त्याने बाबांकडे पाहिलं. त्यांच्या मानेच्या शिरा ताठ झाल्या होत्या. दात आवळलेले होते, कानशिलावरून घामाचा ओघळ उतरत होता, आणि खांद्यापासून बोटांपर्यंत सगळा हात त्यांनी असा धरून ठेवला होता की बाहीखाली दंड थरथरत होता. पण बोटं नाही. बोटं त्यांनी हलू दिली नव्हती. आणि ते त्याच्याकडे पाहत होते. त्या नजरेत केवढा अभिमान होता, केवढी खात्री, की बघ, चारचौघांत तुला खोटं पाडलं नाही. "सैल सोडा, काका," बाई पुन्हा म्हणाल्या. बाबांनी ऐकलं नाही. ते त्याच्याकडेच पाहत राहिले. तो पुढे सरकला, त्यांच्यासमोर उकिडवा बसला, आणि म्हणाला, "बाबा, सोडा."

"हलेल रे," बाबा दातांतल्या दातांत म्हणाले.

"हलू दे."

आयुष्यात पहिल्यांदाच तो बाबांना अरे-तुरे बोलला होता आणि ते त्याच्या लक्षातही आलं नाही. बाबांनी एकदा डॉक्टरीणबाईंकडे पाहिलं, एकदा दाराकडे. मग मान त्याच्याजवळ आणली.

"तू रागावणार नाहीस ना?" त्यांनी विचारलं.

 त्याने नुसती मान हलवली, नाही, नाही, नाही. बाबांनी श्वास सोडला, आणि त्यांचा हात हलायला लागला.